गाण्याखालचा आवाज

अमरावती, ८ जानेवारी

बाबा,

पत्र फाडायचं असेल तर फाडा, पण आधी पाकिटातला इंग्रजी कागद काढून बाजूला ठेवा. तो कंपनीचा आहे. त्यावर तुमचं नाव 'हक्कधारक' म्हणून छापलंय आणि तो तुमच्यापर्यंत पोचवणं हे माझं काम आहे. बाकीची पानं माझी आहेत, त्यांचं काय करायचं ते तुम्ही बघा.

फोन तुम्ही उचलत नाही. मेसेज पाठवले तर ते महिनाभर तसेच पडून राहतात. म्हणून हा पोस्टाचा खटाटोप. इथे अमरावतीत तिकिटं घ्यायला गेले तर खिडकीतल्या बाई म्हणाल्या, अकोल्याला पत्र कशाला, दोन-अडीच तासांत एस.टी.नं जाऊन याल की. मी म्हटलं, हो, खरंच.

मी राजापेठेत पार्वताबाई नावाच्या आजींच्या वरच्या खोलीत राहते. मुंबईची एक कंपनी वऱ्हाडातल्या लग्नांत बायका जी गाणी म्हणायच्या त्यांवर माहितीपट काढते आहे. जुनी चित्रीकरणं हुडकायची, त्यांचे हक्क कोणाकडे आहेत ते शोधायचं आणि वापरायची परवानगी आणायची, यासाठी त्यांनी मला पाठवलंय. तुम्हाला हे कधी काम वाटलंच नाही. दुसऱ्यानं काढलेलं विकते, असं तुम्ही आईला म्हणायचात आणि आई ते मला फोनवर हसून सांगायची.

आता गंमत ऐका. ज्या घरी जावं त्या घरी कपाटातून 'देवानंद व्हिडिओ शूटिंग, अकोला' हीच चिठ्ठी लावलेली कॅसेट निघते. अचलपूर, दर्यापूर, पार शेंदूरजनाघाटपर्यंत. संत्र्याच्या मळ्यातला मांडव, आलूवांग्याच्या भाजीचे मोठाले गंज, बुंदीच्या पंगती, सगळं तुम्ही काढून ठेवलंय. आणि त्यातलं काहीही वापरता येत नाही, कारण सगळ्यावर तुम्ही सिनेमाची गाणी ओतली आहेत. हळद सुरू झाली की बायकांची तोंडं हलताना दिसतात आणि ऐकू येतो मुंबईचा गायक. त्या गाण्यांचे हक्क घ्यायचे तर माहितीपट राहिला बाजूला, कंपनीच विकावी लागेल. तेव्हा सगळ्यांनाच तसं हवं असायचं, मला ठाऊक आहे. गाणी नसली तर लोक म्हणायचे, शूटिंगवाल्यानं मिक्सिंगच केलं नाही. नवरीला गुलाबातून बाहेर काढायची तुमची करामतही लोकांनी मागूनच करून घेतली होती.

मला मिक्सिंगच्या आधीची कच्ची कॅसेट हवी आहे, जिच्यात लग्नात जे ऐकू येत होतं तेच आहे. तुम्ही त्या कॅसेटा पुसून पुढच्या लग्नाला वापरायचात, हेही ठाऊक आहे. पण एखादी राहिली असेल. तीस वर्षांनी विचारणं म्हणजे वरातीमागून घोडं, तरी विचारते.

आपलं शेवटचं बोलणं आई गेल्याच्या तिसऱ्या दिवशी झालं. आई कुठे दिसेल म्हणून मी घरातल्या जुन्या कॅसेटा मागितल्या आणि तुम्ही पाहुण्यांसमोर म्हणालात, "तुले माय नाही पाह्यजे, फुटेज पाह्यजे." त्याला दोन वर्षं झाली. त्या वाक्यावर मी अजून उत्तर शोधते आहे. पण हे पत्र त्यासाठी नाही. हे कामाचं आहे.

वर्षाली

अमरावती, २१ जानेवारी

बाबा,

तुमचं उत्तर नाही. मी धरलंच नव्हतं. तरी पोस्टमन गल्लीत आला की पार्वताबाई खालून ओरडतात, "पोरी, तुह्यं काही नाही व!" आणि मला उगाच लाज वाटते.

दिवसभर मी तुमच्या कॅसेटा बघते. मुंबईहून आणलेला व्हीसीआर, एक छोटा टीव्ही आणि खोलीला एकच खिडकी. सकाळी एक लग्न, दुपारी एक, संध्याकाळी एक. लोक जेवतात, रुसतात, नाचतात, विहिणीचा मान कमी पडला म्हणून मांडवाबाहेर जाऊन उभे राहतात. मी गंजात केलेला भात खात ते बघते. बाबा, मला इथे फार एकटं वाटतं. मुंबईतही वाटायचं, पण तिथे ते कामाच्या रगाड्यात बुडून जायचं.

मी आईला शोधते आहे, हे तुमच्या लक्षात आलं असेलच. इतकी लग्नं, आणि ती एकाही ठिकाणी नाही. कशी असेल? तुमच्या खांद्यावर कॅमेरा आणि तिच्या हातात लाइट. एकदा लाइट धरायला ठेवलेला पोरगा वायरीत अडकून पडला आणि त्यानं मांडवाच्या कनातीला आग लावत आणली, तेव्हापासून तुम्ही तिलाच नेऊ लागलात. मला काकूकडे सोडून तुम्ही दोघं राजदूतवर जायचात, मधे कॅमेऱ्याची पेटी. ती आली की बायका मोकळ्या व्हायच्या, नुसत्या तुम्हाला बघून त्यांनी पदर ओढले असते.

पण तिच्याशिवाय एकही कॅसेट नाही, हे मला इथे बसून कळलं. प्रत्येक लग्नात कधी ना कधी लोक डोळे बारीक करतात, कोणी कपाळावर आडवा हात धरतं. उजेड तोंडावर आलेला असतो. ते जिथे बघतात तिथे आई उभी आहे. मी आता पाहुण्यांकडे बघतच नाही, ते कुठे बघतात तेच बघत बसते.

आणि अजून एक. कॅमेऱ्याचा माइक पुढच्या बाजूला आणि आई त्याच्यापासून हातभर अंतरावर. बायकांनी गाणं धरलं की ती गप्प राहायची नाही, हळूच साथ द्यायची. म्हणजे सगळ्या मांडवात माइकला सर्वांत जवळ तीच होती. तुम्ही ओतलेल्या प्रत्येक गाण्याखाली आईचा आवाज आहे, बाबा. आपल्याकडे तिचा फोटो आहे, तिचं पातळ आहे, पण आवाज नाही. मोबाइलमध्ये तिचं बोलणं साठवावं हे मला कधी सुचलं नाही, आणि तुम्हालाही सुचलं नाही.

नांदगाव खंडेश्वरच्या भगवंतरावांकडे एक कच्ची कॅसेट असल्याचं कळलंय. त्यांच्या बहिणीचं लग्न तुम्ही शहाण्णव साली काढलं होतं. लग्नानंतर वर्षभरात त्यांची आजी केशरबाई वारली. कॅसेटमध्ये ती गाताना दिसते, पण ऐकू येत नाही, म्हणून भगवंतराव तडक अकोल्याला आले आणि नवी कोरी कॅसेट देऊन तुमच्याकडून पुसायची राहिलेली कच्ची घेऊन गेले. आठवतंय का? मी परवा जाणार आहे.

अकोल्याला यायला मात्र वेळ झाला नाही.

वर्षाली

अमरावती, २ फेब्रुवारी

बाबा,

मिळाली.

भगवंतराव आता म्हातारे झालेत, कपाशीचा पसारा मुलावर सोपवून ओट्यावर बसतात. तुमचं नाव सांगितल्यावर आधी त्यांनी भाकर, ठेचा आणि पातोडीचा रस्सा वाढला, मग कामाचं विचारलं. मी देवानंदची पोरगी हे ऐकून म्हणाले, "तुही माय लाइट धरे. लय हसरी बाई." त्यांच्या घरात कोणी तरी तिला अजून असं आठवतं. मग त्यांनी कॅसेट दिली. शालूंच्या मधे, डांबराच्या गोळ्यांत ठेवलेली. पट्टीवर बुरशी चढली होती. ती साफ करायला मला अख्खी दुपार लागली.

पहिल्यांदा केशरबाई दिसते. पाटाशेजारी बसून गाणं धरते, बायका मागून म्हणतात. आणि सगळ्यांच्या वर, अगदी कानाशी, आई. सुरात नाही. ती कधी सुरात नव्हतीच. मधेच शिंकते. मधेच कोणाला तरी म्हणते, सरका व बाई, नवरी दिसत नाही. मी थांबवलं, खाली जाऊन पार्वताबाईंकडे उगाच दही मागितलं, परत वर आले आणि पुन्हा लावलं.

गाणी संपल्यावर तुम्ही कॅमेरा बाजेवर ठेवता आणि बंद करायला विसरता. लाल दिवा बघायचा राहिला असेल. पुढे चित्रात फक्त पाण्याचा रांजण आणि चटईचं टोक. पण बोलणं सगळं आलंय. तुम्हाला आठवणार नाही, म्हणून जसंच्या तसं लिहिते.

आई म्हणते, "तुमी सगळ्याईले काढता. मले कावून नाही काढत कधी?"

तुम्ही म्हणता, "तू समोर बसली तं उजेड कोन धरीन?"

मग तुम्ही हसता. आईसुद्धा हसते, पण जरा उशिरानं. तुम्ही बॅटरी चार्जिंगला लावायला बाहेर जाता, चपलांचा आवाज येतो. त्यानंतर टेप संपते.

मी हे अजून कोणाला दाखवलेलं नाही. आधी तुम्हाला विचारायचं ठरवलंय. कॅसेट भगवंतरावांची असली तरी कॅमेरा तुमचा आणि आवाज तुमचा नि आईचा आहे. तुम्ही नको म्हणालात तर विषय मिटला. पण काहीतरी म्हणा. पोस्टकार्ड पाठवा, नुसतं 'नाही' लिहिलंत तरी चालेल.

वर्षाली

अमरावती, १४ फेब्रुवारी

बाबा,

मागच्या पत्रात मी खोटं लिहिलं. कोणाला दाखवलं नाही असं म्हटलं होतं, पण ज्या दिवशी ऐकलं त्याच संध्याकाळी मी ते मुंबईला पाठवून दिलं होतं. माहितीपट रागिणीताई करतात. ताईंचा लगेच फोन आला, त्या रडत होत्या. म्हणाल्या, गाणी नंतर, माहितीपट या रांजणावरच सुरू होईल, दुसरं काही नाही, फक्त ही दोन वाक्यं. इतक्या वर्षांत माझ्या कामाचं असं कौतुक कोणी केलं नव्हतं. मला बरं वाटलं, बाबा. खूप बरं वाटलं. तुमचं ते पाहुण्यांसमोरचं वाक्य आठवलं, तरीही बरं वाटतच राहिलं.

ते दोन आवाज कोणाचे, हे रागिणीताईंना माहीत नाही. भगवंतरावांची सही झाली आहे. कंपनीच्या नोंदपत्रकात प्रत्येक तुकड्यापुढे कोण दिसतं, कोण बोलतं, ते भरावं लागतं. ते मीच भरते. तिथे मी लिहिलं, 'अज्ञात स्त्री, अज्ञात पुरुष.' एवढं केलं की कोणाची परवानगी लागत नाही, माझ्याशिवाय कुणाला कधी कळणारही नाही. हे लिहून मी जेवायला गेले आणि जेवलेसुद्धा. तेव्हा तुमचं वाक्य खरं आहे की काय, याची मला आता भीती वाटते.

दुसरं खोटं. अकोल्याला वेळ झाला नाही म्हणाले. मी दोनदा आले. एकदा जानेवारीत, एकदा परवा. दोन्ही वेळा दाराची कडी वाजवली. आत टीव्ही एवढा मोठ्यानं चालू होता की गल्लीत बातम्या ऐकू येत होत्या. म्हणजे तुम्ही घरात होतात. मी हाका मारल्या. पहिल्यांदा वाटलं, झोपला असाल. परवा खिडकीच्या फटीतून तुमचे पाय दिसले, खुर्चीवरून खाली सोडलेले. एक पाय हलत होता. मी नाव घेऊन, ओरडून सांगितलं की मी वर्षाली आहे. पाय हलायचा थांबला नाही.

समोरच्या घरातली बाई बाहेर येऊन बघायला लागली, तेव्हा मी निघाले. बसमध्ये मूर्तिजापूरपर्यंत मला इतका राग होता की शेजारच्या माणसानं संत्रं देऊ केलं तर त्याच्यावरच खेकसले. दोन वर्षं झाली, बाबा. एवढा राग मनात धरून माणूस जेवतो कसा, झोपतो कसा? आई असती तर तिनं तुम्हाला खुर्चीवरून ओढून दारात आणलं असतं.

कंपनीला महिनाअखेरीस सगळे कागद हवेत. तुम्ही 'नाही' म्हटलंत तर मी थांबवीन. गप्प बसलात तर मी तुमचं मौन 'हो' समजेन. असं समजता येत नाही हे मला माहीत आहे, दुसऱ्याला मीच ते शिकवते. तरी समजेन.

वर्षाली

अमरावती, २२ फेब्रुवारी

बाबा,

काल गोपालचा फोन आला. तुमच्या घराखालचा हारवाला गोपाल. माझा नंबर त्यानं माझ्या पाकिटाच्या मागच्या बाजूवरून घेतला, त्याच्यावर चिडू नका. तो म्हणाला, "ताई, तुमी दार ठोकून गेल्या म्हनते समोरची बाई. काकाले आयकू नाही येत. सालभर झालं, बिलकुल नाही. तुमाले सांगू नोको म्हने."

मी त्याला पुन्हा पुन्हा तेच विचारत राहिले. डॉक्टरांना दाखवलं का, मशीन लावलं का. तो म्हणाला, मशीन आणलं होतं, त्यानं नुसती शिट्टी वाजते म्हणून डब्यात टाकलंय. टीव्ही मोठा करतात, कारण त्याच्या बाजूवर हात ठेवला की काहीतरी चालू आहे असं कळतं. दूधवाला तुम्हाला गॅलरीतून दिसतो, म्हणून सकाळी तुम्ही तिथेच बसता. भाजीवालीला बोटांनी भाव करता आणि ती तुम्हाला फसवते, हे तुम्हाला कळतं, पण भांडता येत नाही.

मी विचारलं, मग माझी पत्रं? ती तर वाचता येतात. तर म्हणाला, वाचतात, पुन्हा वाचतात, आईच्या फोटोमागे ठेवतात. त्यानं तुम्हाला हातवारे करून विचारलं की उत्तर का देत नाही, तेव्हा तुम्ही म्हणालात, "काय लिवू? तिले माही सही पाह्यजे. सही देल्ली का मंग पत्र नाही येनार."

हे ऐकून मी फोन कानावरून खाली घेतला. गोपालला वाटलं फोन कटला.

मी तो तुकडा परत घेतला आहे. रागिणीताईंना खरं सांगितलं, की ते आवाज माझ्या आईवडिलांचे आहेत आणि मी पत्रकात खोटं भरलं. त्या म्हणाल्या, वर्षाली, यापुढे तुझ्या कुठल्या कागदावर विश्वास ठेवू? त्यांचं बरोबरच आहे. आमच्या धंद्यात माणसाकडे तेवढी एकच गोष्ट असते. आज दुसऱ्या मुलीचा मेल आला, की उरलेलं काम ती बघेल. म्हणजे मी आता अमरावतीत कशासाठी आहे, हे पार्वताबाईंना सांगता येत नाही.

आता शेवटचं खोटं. टेप तिथे संपत नाही. तुम्ही बॅटरी घेऊन बाहेर गेल्यावर केशरबाई आईशी बोलते आणि आई तिला उत्तर देते. ते तुम्ही तेव्हाही ऐकलेलं नाही. रागिणीताईंना पाठवताना मी ते कापून टाकलं होतं. तुम्हाला लिहितानाही कापलं. तुमच्यासाठी नाही, माझ्यासाठी. ते पत्रात लिहायचं धाडस मला होत नाही.

रविवारी सकाळच्या गाडीनं येते. व्हीसीआर घेऊन येते. गोपाल तुम्हाला दारापाशी आणून बसवणार आहे.

वर्षाली

अमरावती, ४ मार्च

बाबा,

रविवारी तुम्ही भरपूर बोललात आणि मीही बोलले, पण माझं तुम्हाला ऐकू आलं नाही. तिथे वहीच्या पानांवर घाईत जेवढं लिहिलं तेवढंच तुमच्यापर्यंत पोचलं. म्हणून उरलेलं लिहिते. आता माझ्या पाकिटात कंपनीचा कागद नाही.

तुम्ही दारात बसला होता, इस्त्रीचा सदरा घालून. मला बघून म्हणालात, "वाळली व." मी म्हटलं, तुम्हीसुद्धा. ते तुम्हाला कळलं नाही, तुम्ही नुसतेच हसलात. आईनं दोन्ही वाक्यांची उत्तरं दिली असती. मी पिशवी आत ठेवली आणि स्वयंपाकघरात जाऊन मोठ्यानं रडून घेतलं. तिथून तुम्हाला ऐकू येणार नाही, याचा मला पहिल्यांदाच उपयोग झाला.

टीव्हीला वायर जोडताना तुम्ही माझ्या हातातून ती काढून घेतलीत, उलटी लावते म्हणून. खरंच उलटी लावली होती. केशरबाई पडद्यावर आली तेव्हा तुम्ही लगेच ओळखलंत. बायकांची तोंडं हलायला लागली आणि तुम्ही माझ्याकडे बघितलंत. मी लिहिलं, आई गाते आहे. तुम्ही विचारलंत, "सुरात?" मी मान हलवून नाही म्हटलं. तुम्ही इतके हसलात की खोकला आला.

मग रांजण आला. तिचं वाक्य आणि तुमचं वाक्य तुम्हाला पत्रातून पाठच होतं, तरी मी पुन्हा लिहून दाखवलं. त्यानंतर पेन थांबलं. तुम्ही पडद्याकडे नव्हता बघत, माझ्या हाताकडे बघत होतात. म्हणालात, "लिव. काही कापू नोको."

मी लिहिलं. केशरबाई विचारते, "राग नाही येत व तुले?" आणि आई म्हणते, "येते ना मावशी. पन माह्या वर्षीच्या लग्नात मी नाही धरनार लाइट. त्या दिवशी याईले सांगतो, दुसरा मानूस पाहा. मी मंधात बसीन, हिरवं पातळ नेसून, अन् म्हनीन, काढा आता मले, पुरी कॅसेट संपेपर्यंत."

तेव्हा मी दहा वर्षांची होते. माझं लग्न पुढे राहूनच गेलं. आई दरवर्षी दिवाळीला विचारायची, मी उडवून लावायचे. मला वाटायचं, तिला जावई हवा आहे. तिला मधोमध बसायचं होतं, हे मी कुठून ओळखणार? जेव्हापासून हे ऐकलं तेव्हापासून मला असंच वाटतं, की तिची ती एक कॅसेट मी होऊ दिली नाही. म्हणून कापलं. तुम्ही वाचाल आणि माझ्याकडे बघाल, त्या बघण्याला मी घाबरत होते.

तुम्ही पान दोनदा वाचलंत. चष्मा काढलात, सदऱ्याला पुसलात, परत लावलात. मग त्या मोठ्या आवाजात, जो किती मोठा आहे हे तुम्हाला आता कळत नाही, तुम्ही म्हणालात, "तुह्या लग्नाची वाट कायले पाहाले लावली मी तिले? कॅमेरा तं रोज माह्या खांद्यावर होता."

खाली गोपालनं हार ओवणं थांबवून वर पाहिलं असेल. मी तेव्हा काय म्हणाले ते तुम्हाला ऐकू आलं नाही. मी म्हणाले, बाबा, मला तुमची सही नको होती. आधी हवी होती, नंतर नको होती. मी दार उघडायची वाट बघत होते.

तुम्ही परवानगीचंही बोललात. बायकांचं गाणं देऊन टाक, ते त्याईचं हाय, जगानं आयकावं. बाकीचं आपलं हाय. मी ते तसंच रागिणीताईंना कळवलंय. आईचं नाव गाणाऱ्या बायकांत येईल, केशरबाईच्या खाली, शकुन देवानंद, अकोला. त्यांचं एका ओळीचं उत्तर आलं, त्यात राग नव्हता.

आता जे सांगायचं राहिलंय ते सांगते, कारण आपल्यात आता कापलेलं काही ठेवायचं नाही असं मी ठरवलंय.

जेवणानंतर तुम्ही मला ती कॅसेट पुन्हा लावायला सांगितलीत. टीव्ही पूर्ण मोठा केलात आणि बाजूच्या जाळीवर तळहात ठेवून खुर्ची जवळ ओढलीत. डोळे मिटून घेतलेत. थोड्या थोड्या वेळानं विचारत होतात, "आता बोलून राह्यली?" तुम्हाला डोळे उघडावे लागू नयेत म्हणून मी तुमच्या दुसऱ्या हातावर बोट दाबत होते, एकदा दाबलं की हो. गाण्याला हो. शिंकेला हो. तिनं तुम्हाला विचारलं तिथे हो. मावशीशी बोलली तिथे हो.

मग टेप संपली, बाबा. पडद्यावर मुंग्या आल्या आणि नुसती खरखर राहिली. ती खरखर जोराची होती, तुमच्या तळहाताखाली जाळी थरथरत असणार. तुम्ही डोळे मिटूनच विचारलंत, "अजून बोलून राह्यली?"

मी बोट दाबलं. तुम्ही पुन्हा विचारलंत, मी पुन्हा दाबलं.

वर्षाली